ग्रोलांदच्या धर्तीवर गणेशोत्सवात बातमीपत्र बसवावे का?

टिळकवाडीकर (प्रश्न): फ्रेंच शिकताना ‘ग्रोलांद’ या कार्यक्रमाची ओळख झाली. १९९०च्या दशकात कानाल प्लुस वाहिनीवर सुरू झालेल्या या प्रहसनांत एका काल्पनिक देशाच्या बातम्या गंभीर चेहऱ्याने सांगितल्या जातात आणि त्या आडून फ्रान्समधील पुढारी, कचेऱ्या व मद्यपी यांची यथेच्छ टिंगल होते. आमच्या बेळगावच्या मंडळासाठी असेच अर्ध्या तासाचे बातमीपत्र लिहावे असे मनात आहे. पात्रे खऱ्या पुढाऱ्यांवर बेतावीत, की गावच काल्पनिक घ्यावे?

खानापूरचा जुना नट: खरी माणसे घेण्याचा मार्ग त्याच वाहिनीवरील ‘ले गिन्योल’ने १९८८ ते २०१८ चालवला. त्यात लेटेक्सच्या बाहुल्या बातम्या देत. फ्रान्सचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष जाक शिराक यांना तर चक्क महानायकाचा पोशाख चढवून महाखोटारडा केले होते. परंतु शिराक यांचे बोलणे-चालणे साऱ्या देशाला पाठ होते, म्हणून ते साधले. आपल्या मंडपात निम्मे बंगळूरचे पुढारी ओळखतील, निम्मे मुंबईचे, आणि नक्कल कोणाची हे सांगण्यातच प्रवेश संपेल. काल्पनिक गावच घ्या.

शहापूरची वाचक: दादांशी सहमत आहे, तरी एक धोका सांगते. ‘ले देशियां’ या फ्रेंच प्रहसनांत साध्या पडद्यापुढे उभी राहून अडखळत बोलणारी सामान्य माणसे असत, आणि ही गरीब ग्रामीण माणसांची कुचेष्टा आहे असा आक्षेप त्यांवर घेतला गेला. आपल्या कन्नड वळणाच्या मराठीला पुण्याहून आलेला पाहुणा आधीच हसतो. तेच हसू आपण मंडपात विकत आणू नये. थट्टा खुर्चीवरच्या साहेबाची व्हावी, अर्ज घेऊन उभ्या असलेल्या आजीची नव्हे.

टिळकवाडीकर: ताईंचा मुद्दा पटला. ग्रोलांदचे चाहते गाडीला ‘जीआरडी’ असे त्या देशाचे चिन्ह चिकटवतात. त्यावरून आमच्या गावाच्या गाड्यांची पाटी बेळगावची केए-२२ही नाही आणि कोल्हापूरची एमएच-०९ही नाही, असे ठरवले. पहिली बातमीही सुचली आहे: हद्दीच्या दगडाला कोणीतरी म्हैस बांधली असून ती दोर ओढून रोज दगड हातभर सरकवते, आणि दोन्हीकडचे साहेब तिने कोणत्या भाषेत हंबरावे याबद्दल तिला नोटीस काढतात.

खानापूरचा जुना नट: म्हशीचे काम मी करीन. बातमी देणाऱ्याला मात्र शेवटपर्यंत हसू देऊ नका.