स्वतःच्या अटींवर चित्रपट करायचा, तर मधल्या वर्षांत चरितार्थ कसा चालवावा?

प्रश्न

मी दोन लघुपट लिहून दिग्दर्शित केले आहेत आणि आता पूर्ण लांबीची पटकथा तयार आहे. निर्माते कथा मन लावून ऐकतात, पण शेवट बदलण्याची अट घालतात, आणि ती मला मान्य नाही. पोटापाण्यासाठी दुसऱ्यांचे लेखन हाती घेतले तर आपल्या लेखनाची धार जाते का, हे जाणकारांनी सांगावे.

प्रतिसाद १

धार जातेच असे नाही, आणि याचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणजे अमेरिकी लेखक-दिग्दर्शक जॉन सेल्स. कमी खर्चाचे चित्रपट काढणारे निर्माते रॉजर कॉर्मन यांच्या कंपनीसाठी त्यांनी १९७८ साली मारक माशांवरचा भयपट लिहिला आणि अशा लेखनातून मिळालेल्या पैशांवर स्वतःचा पहिला चित्रपट उभा केला. त्याची पटकथा त्यांनी हाताशी असलेल्या गोष्टी मोजून लिहिली. ओळखीचे नट तिशीच्या उंबरठ्यावर होते, म्हणून पात्रेही त्याच वयाची ठेवली. कॅमेरा फिरवण्याची साधने परवडणारी नव्हती, म्हणून बरीच पात्रे एकत्र आणली, जेणेकरून एकावरून दुसऱ्यावर कट घेत दृश्याला गती देता यावी. संकलनही त्यांनीच केले. इतरांसाठी लिहिणे त्यांनी पुढेही सोडले नाही, तरी त्यांच्या स्वतःच्या दोन चित्रपटांच्या पटकथांना ऑस्करचे नामांकन मिळाले. माझ्या मते इथे अडचणींनीच शैली घडवली.

प्रतिसाद २

वरील मताशी सहमत आहे, पण दुसरी बाजूही पाहावी. अमेरिकी अभिनेते-दिग्दर्शक जॉन कॅसाव्हेटिस अभिनयातून मिळवलेला पैसा आपल्या चित्रपटांत घालत. १९७४ च्या ‘अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स’ या चित्रपटासाठी त्यांनी घर गहाण टाकले, आणि वितरक मिळेना तेव्हा वितरणही स्वतःच्या अंगावर घेतले. हे धाडस मला मनापासून वंदनीय वाटते, तरीही घर गहाण टाकण्याचा सल्ला मी कुणालाही देणार नाही. त्यापेक्षा ख्रिस्तोफर नोलन यांच्या पहिल्या चित्रपटाची (१९९८) पद्धत अभ्यासावी. सगळे नोकरीधंदा सांभाळणारे असल्याने चित्रीकरण मुख्यतः शनिवारी होई आणि फिल्म महाग असल्याने तालमी इतक्या पक्क्या केल्या जात, की एकदोन टेकमध्ये काम भागावे.

प्रश्नकर्ता

दोघांचेही मनःपूर्वक आभार. माझ्या पटकथेत पावसातली मिरवणूक आहे, आणि कमी खर्चात चित्रपट करायचा तर मुख्य अडसर तोच आहे. ती काढली तर शेवटाचे बळ जाईल, अशी भीती वाटते.

प्रतिसाद १

मिरवणूक काढू नका. ती घरात बसलेल्या पात्रांना ऐकू येऊ द्या. वाद्यांचा आवाज जवळ येत, दारावरून पुढे जाताना तुमची नायिका काय करते, एवढेच दाखवा. ध्वनीचे काम मात्र चांगल्या माणसाकडे सोपवा आणि त्याचे मानधन अंदाजपत्रकात आधीच धरा. निर्मात्याशी करार कराल तेव्हा अंतिम संकलनाचा अधिकार कुणाकडे राहील, हे लेखी घ्या, कारण शेवट संकलनातही बदलला जाऊ शकतो.