अण्णा साळुंके: मोठा नट की फाळक्यांची सोय?

दांडियाबाजारकर: चित्रपट काढणारे दादासाहेब फाळके इथल्या कलाभवनात शिकले, म्हणून त्यांचं नाव बडोद्यात सगळ्यांना पाठ. त्यांची पहिली तारामती कोण, विचारून पाहा. ग्रँट रोडच्या एका खाणावळीतले आचारी अण्णा साळुंके! तिथे पगार दहा रुपये, फाळक्यांनी पंधरा दिले. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती आणि १९१७ साली 'लंकादहन'मध्ये राम व सीता दोन्ही. माझ्या मते आपल्या पडद्यावरचा पहिला मोठा नट हाच.

रावपुरा: मोठा कशावरून? काम करायला बाई मिळेना, तेव्हा सडपातळ अंगकाठी आणि नाजूक हात पाहून फाळक्यांनी त्यांना घेतलं. दोन भूमिकांचंही तेच. सीताहरणानंतर सीता अशोकवनात, राम किष्किंधेकडे. दोघांना एका चौकटीत आणायची वेळच फारशी येत नाही. वेश बदलला की झालं.

दांडियाबाजारकर: वेश बदलून प्रेक्षक फसत नाही हो. बालगंधर्वांच्या हाताशी गळा होता, इथे आवाजच नाही. त्यात त्या वेळच्या फिल्मला लाल रंग दिसायचा नाही. ओठ काळे, चेहऱ्याची लाली काळपट उतरायची, आणि चित्रण भर उन्हात. एवढ्यावर बाईपण उभं करायचं ते चालण्यातून आणि मानेच्या वळणातून.

रावपुरा: आणि 'राजा हरिश्चंद्र'च्या आज उरलेल्या तुकड्यात ते चालणं कसं दिसतं? लगबगीचं, झटके खाणारं.

मांडवी: तो दोष नटाचा नाही, वेगाचा आहे. कॅमेरा हाताने फिरवायचे. सेकंदाला दोन फेरे, फेऱ्याला आठ चौकटी, म्हणजे फिल्मवरची आठ चित्रं; सेकंदाला सोळा. फुटात चौकटीही सोळाच, म्हणून एक फूट म्हणजे एक सेकंद. उरलेली १४७५ फूट फिल्म साडेचोवीस मिनिटं चालायला हवी. बोलपटाच्या, सेकंदाला चोवीसच्या वेगाने लावली की साडेसोळा मिनिटांत संपते आणि तारामती धावते. साळुंक्यांना जोखायचं तर आधी वेग सोळावर आणा.

रावपुऱ्यांची खरी अडचण वेगळी आहे. पहिलं आणि शेवटचं रीळ तेवढं उरलंय, आणि तेही १९१७ च्या नव्या आवृत्तीचं असं काही अभ्यासक मानतात. मग १९१३ च्या अभिनयाबद्दल दोघंही कशाच्या जोरावर बोलताय? शिवाय साळुंके पुढे कॅमेरामन झाले आणि कितीतरी मूकपट त्यांनी चित्रित केले. कारकीर्द म्हणायची तर ती धरा.

दांडियाबाजारकर: वेगाचं पटलं. कॅमेऱ्याचं काम मोठंच, पण ते करणारे आणखीही होते. रामही आणि सीताही झालेला दुसरा कोण दाखवता?