मदत हवी आहे : दहावीची मैदानाची तासिका न काढता गणित कसे भरून काढावे?

नमस्कार मंडळी,

मी जळगाव जिल्ह्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी असलेल्या एका छोट्या गावातील नगरपरिषदेच्या माध्यमिक शाळेत गणित आणि विज्ञान शिकवते. शाळा पाचवी ते दहावीची आहे. ज्यांना परवडते त्यांची मुले इंग्रजी माध्यमाकडे गेली. आमच्याकडे गावातील शेतमजुरांची आणि आसपासच्या पाड्यांवरून एसटीने येणारी मुले आहेत. पाड्यांवरची बहुतेक मुले पावरा आणि तडवी भिल्ल कुटुंबांतील आहेत.

दोन वर्षांपूर्वी आमचे क्रीडाशिक्षक निवृत्त झाले. पटसंख्या घटल्यामुळे संचमान्यतेत, म्हणजे पटावरून शिक्षकांची पदे ठरतात तेव्हा, ते पद पुन्हा मिळाले नाही. मी धुळ्याला महाविद्यालयात असताना खो-खो खेळले होते, तेवढ्या पुंजीवर मैदानाची जबाबदारी माझ्याकडे आली. माझ्याकडे बी.पी.एड. ही शारीरिक शिक्षणाची पदवी नाही हे आधीच सांगते, कारण खालच्या काही शंका जाणत्यांना अगदी प्राथमिक वाटतील.

या वर्षी आमच्या सतरा वर्षांखालील मुलींचा खो-खो संघ तालुक्यात पहिला आला आणि जिल्हास्तरावर खेळणार आहे. त्याच वयोगटात ८०० मीटरला धावणारी आमची एक मुलगीही जिल्ह्यासाठी निवडली गेली आहे. संघातील बारा मुलींपैकी सात दहावीत आहेत, आणि अडचण नेमकी तिथेच सुरू होते. मागच्या वर्षी दहावीला बसलेल्या ४६ मुलांपैकी अकरा मुले गणितात नापास झाली. त्या अकरांत तीन खेळाडू होते. गेल्या आठवड्यातील पालक सभेत असे ठरले की, दिवाळीनंतर दहावीची शारीरिक शिक्षणाची तासिका गणिताला द्यावी आणि दहावीच्या कोणत्याही विद्यार्थ्याला स्पर्धेला पाठवू नये. ती तासिका ज्या विषयाला मिळणार आहे तो विषय माझाच आहे, त्यामुळे मी नाही म्हणाले तेव्हा सर्वांना नवल वाटले.

सभेनंतर मी मागच्या वर्षीचे हजेरीपट घेऊन बसले. नापास झालेल्या अकरांपैकी नऊ मुले ऑक्टोबर ते डिसेंबर या काळात शाळेत निम्मे दिवसही आलेली नव्हती. हा कापूस वेचणीचा हंगाम असतो. घरचे सगळे पहाटे शेतात जातात, मोठ्या मुलीला लहान भावंडे सांभाळावी लागतात किंवा स्वतः ओळ धरावी लागते. नेमक्या याच महिन्यांत आमच्याकडे बीजगणितातील वर्गसमीकरणे आणि भूमितीतील वर्तुळ हे घटक चालू असतात. मुलगी डिसेंबरअखेरीस परत येते तोवर वर्ग बराच पुढे गेलेला असतो. त्यातच २०२५ पासून मंडळाची लेखी परीक्षा मार्च उजाडण्याची वाट न पाहता फेब्रुवारीतच सुरू होऊ लागल्याने सरावाला उरणारे दिवस आणखी कमी झाले आहेत. इतक्या थोड्या मुलांवरून नियम काढू नये हे मला कळते. तरीही मैदानामुळे गणित बुडाले असे हा हजेरीपट म्हणत नाही.

उलट मला त्यात आणखी एक गोष्ट दिसली. मंगळवारी आणि शुक्रवारी आमची मैदानाची तासिका असते, आणि वेचणीच्या हंगामातही संघातील मुली या दोन दिवशी आलेल्या होत्या. मागच्या वर्षी एका मुलीची आई मला बाजारात भेटली. आमची आंडेर (मुलगी) खेळाच्या दिवशी काही केल्या शेतात येत नाही, अशी तिची तक्रार होती. त्या दिवशी मी ते हसण्यावारी नेले. आज वाटते की, जे दोन दिवस ती मुलगी शाळेत येत होती, तेच आम्ही तिच्यापासून काढून घ्यायला निघालो आहोत.

सभेत एका पालकांनी विचारले की, तुम्ही काय सगळ्यांना कविता राऊत करणार का. प्रश्न रास्त आहे. सावरपाड्यासारख्या आदिवासी पाड्यावरून निघून २०१० च्या राष्ट्रकुल स्पर्धेत दहा हजार मीटरमध्ये कांस्यपदक मिळवणारी मुलगी दर वर्षी निपजत नाही, आणि पदकाच्या आशेवर कुणाची दहावी पणाला लावावी असे मी कधीही म्हणणार नाही. माझे म्हणणे एवढेच आहे की, नववी-दहावीला आरोग्य व शारीरिक शिक्षण हा श्रेणीचा विषय आहे. तासिका न घेता आम्ही ती श्रेणी भरणार असू, तर ते मुलांच्या नावावर खोटे लिहिणे होईल.

आता वेळेची अडचण सांगते, कारण मदत तिथेच हवी आहे. शाळा अकरा ते पाच भरते. पाड्यांकडे जाणारी शेवटची एसटी सव्वापाचला सुटते आणि सकाळची गाडी पावणेअकराला पोहोचते, त्यामुळे शाळेआधी किंवा शाळेनंतर सराव ठेवला की संघातील पाच मुली आपोआप बाहेर पडतात. शनिवारी शाळा सकाळी साडेसात ते अकरा असते. त्या दिवशी पहाटेची गाडी आहे, पण परतीची गाडी साडेबाराला असल्यामुळे मुले दीड तास बसस्थानकावर बसून असतात.

माझ्या शंका अशा आहेत. वेचणीच्या महिन्यांत बुडालेले गणित मैदानाच्या तासिकेला हात न लावता कुणी भरून काढले आहे का, आणि काढले असल्यास कसे? आमचे मैदान साधारण ११० मीटर लांब आणि ४८ मीटर रुंद आहे. त्यावर नियमाप्रमाणे धावपट्टी आखता येईल का? आजवर आमची मुलगी शेताच्या बांधाने आणि डांबरी रस्त्याने धावत आली आहे, वळणावर कसे धावायचे हे तिला माहीतच नाही. शेवटची शंका खाण्याविषयी आहे. शालेय पोषण आहार आठवीपर्यंतच असल्याने नववी-दहावीच्या मुली पुष्कळदा सकाळच्या भाकरीवर संध्याकाळपर्यंत असतात, आणि अशा पोटी त्यांच्याकडून सराव करून घेताना माझे मन मला खाते.

पुढील महिन्याच्या पहिल्या आठवड्यात शाळा व्यवस्थापन समितीची बैठक आहे. त्याआधी हाती काही ठोस असावे, म्हणून हा धागा काढला आहे.

प्रतिसाद : शिरपूरकर

ताई, मी सत्तावीस वर्षे शारीरिक शिक्षण शिकवून निवृत्त झालो आहे. धावपट्टीचे आधी सांगतो, कारण ते सोपे आहे.

४०० मीटरची धावपट्टी तुमच्या मैदानात बसणार नाही, पण २०० मीटरची नीट बसेल. दोन्ही सरळ बाजू ५० मीटरच्या घ्या, म्हणजे दोन अर्धवर्तुळांच्या वाट्याला मिळून १०० मीटर येतात. हे अंतर धावणाऱ्याच्या मार्गावर मोजायचे असते. कडेला उंच कठडा नसून नुसती चुन्याची रेघ असेल तर तो मार्ग रेघेपासून २० सेंटिमीटर बाहेर धरतात. म्हणून मार्गाची त्रिज्या १५.९२ मीटर आणि चुन्याच्या आतल्या रेघेची त्रिज्या १५.७२ मीटर येते. प्रत्येक पट्टा १.२२ मीटर रुंद असतो. सहा पट्टे आखले तर रुंदी ४६ मीटरच्या थोडी वर जाते आणि तुमच्या ४८ मीटरमध्ये बाहेर काही जागाच उरत नाही. भिंतीला लागून मुले धावू नयेत, म्हणून चारच पट्टे घ्या. मग रुंदी सुमारे ४१.२० आणि लांबी सुमारे ९१.२० मीटर होते. मधल्या मोकळ्या जागेत खो-खोचे २७ बाय १६ मीटरचे मैदान आरामात मावते, फक्त खांब कायमचे न पुरता काढता येतील असे बसवा.

आखणीचे काम मजुराला देऊ नका, तुमच्या दहावीच्या वर्गाकडूनच करून घ्या. एका पूर्ण फेरीसाठी दुसऱ्या पट्ट्यातील धावपटूला ७.६७ मीटर पुढे उभे करावे लागते, तिसऱ्याला त्याच्या दुप्पट आणि चौथ्याला सुमारे २३ मीटर. हे अंतर का द्यायचे ते वर्तुळाच्या परिघावरून निघते. महत्त्वमापनाचा धडा खडूने तीनदा शिकवूनही ज्यांच्या डोक्यात शिरत नाही, ती मुले दोरी आणि चुना हातात आला की बरोबर हिशेब करतात, हे मी अनेकदा पाहिले आहे.

शनिवारच्या बाबतीत एक बदल सुचवतो. आपल्याकडचे ऑक्टोबरचे ऊन तुम्हाला माहीत आहे. अकरा ते साडेबारा मैदानावर सराव घेण्याचा विचार मनात असेल, तर तो सोडा. साडेसात ते नऊ मैदान ठेवा, नऊ ते अकरा नेहमीच्या तासिका घ्या आणि अकरा ते साडेबारा या वेळेत, जेव्हा मुले एरवी बसस्थानकावर बसतात, पंख्याखाली गणित घ्या. आठवड्याला दीड तास म्हणजे वेचणीच्या बारा आठवड्यांत अठरा तास होतात. इतका वेळ शारीरिक शिक्षणाची तासिका तोडूनही तुम्हाला मिळणार नाही.

प्रतिसाद : पाचोऱ्याची शिक्षिका

मी स्वतः कापूस वेचत दहावी झाले आहे, म्हणून लिहिते. शनिवारचा वर्ग चांगला आहे, पण जी मुलगी शनिवारीही येणार नाही तिचाही विचार करा. आमच्या शाळेत आम्ही प्रत्येक घटकाचे दोन-दोन पानांचे कागद तयार करतो. एका पानावर सोडवलेली तीन उदाहरणे असतात आणि दुसऱ्यावर सोडवायची पाच. ते आम्ही त्याच पाड्यावरून येणाऱ्या मुलांच्या हाती पाठवतो. सगळे सोडवून येत नाही, निम्मे येते. पण मुलगी परत येते तेव्हा वर्गसमीकरण हा शब्द तिला परका नसतो, आणि वर्गात मागे बसून रडण्याची वेळ तिच्यावर येत नाही.

खाण्यासाठी खूप काही लागत नाही. भाजलेले शेंगदाणे, गूळ आणि एखादे केळे पुरते, आणि तुमच्या भागात केळी मिळणे अवघड नसावे. निर्यातीला न चालणारी, पण खायला उत्तम असलेली केळी बागायतदारांकडे असतात. मागायला संकोच करू नका. आम्ही शेंगदाणे मागितले होते आणि ते वर्षभर आले.

आणखी एक. समग्र शिक्षा अभियानातून माध्यमिक शाळेला क्रीडा साहित्यासाठी वर्षाला २५,००० रुपयांपर्यंत अनुदान मिळते, आणि तुमची शाळा नगरपरिषदेची असल्यामुळे ती त्यात बसते. त्या रकमेचे या वर्षी काय घेतले, हे मुख्याध्यापकांना आदराने विचारून पाहा. तसेच दहावीच्या खेळाडूंना स्पर्धेच्या स्तरानुसार मंडळाकडून सवलतीचे वाढीव गुण मिळतात, जास्तीत जास्त २५ पर्यंत. त्याचा प्रस्ताव जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयामार्फत जातो. मूळ प्रमाणपत्रे शाळेच्या कपाटात नीट ठेवा, ती घरी देऊ नका. आमच्या एका मुलीचे प्रमाणपत्र पावसात भिजले आणि तिचा प्रस्तावच गेला नाही. मात्र पालकांना समजावताना या गुणांवर भर देऊ नका. गुणांसाठी खेळ असे एकदा झाले की, हरलेल्या मुलींचे खेळणे दुसऱ्या दिवसापासून बंद होते.

धागाकर्तीचा प्रतिसाद

शिरपूरकर सर आणि ताई, दोघांचे मनापासून आभार. सर, तुमचे आकडे घेऊन आज शेवटच्या तासाला मी दहावीच्या मुलांना मैदानावर नेले. चुना नव्हता, म्हणून राखेने आखले. खुंटी, दोरी आणि मोजपट्टी घेऊन एक वळण आखायला पाऊण तास लागला आणि पहिल्यांदा ते चुकले, कारण २० सेंटिमीटर वजा करायचे राहून गेले होते. ती चूक आमच्या ८०० मीटरवाल्या मुलीने काढली. सहामाही परीक्षेत तिला भूमितीत चाळीसपैकी नऊ गुण आहेत. दोरी हातात धरून तिने मला विचारले की, मॅडम, मी आतून धावले तर कमी पळते आणि बाहेरून धावले तर जास्त, मग आजवर रस्त्याच्या वळणावर मी नेहमी बाहेरूनच का धावत होते? उत्तर तिचे तिलाच सापडले होते. रस्त्यावर आतल्या बाजूने समोरून ट्रॅक्टर येतात.

शनिवारचे वेळापत्रक मुख्याध्यापकांना पटले आहे. अनुदानाविषयी विचारले, तर त्यांनी स्वतःच नोंदवही काढून दाखवली. दोन कॅरम बोर्ड आणि क्रिकेटचे साहित्य आले आहे, खो-खोच्या खांबांसाठी पुढच्या खरेदीत मागणी लिहून द्यायला त्यांनी सांगितले आहे. ताई, घटकांचे कागद मी आज रात्रीपासून लिहायला घेत आहे. तुमच्या शाळेतील एखादा नमुना पाहायला मिळाला तर उपकार होतील, विशेषतः वर्गसमीकरणांचा, कारण त्यातील शब्द पाड्यावरच्या मुलीला कुणी न समजावता कळतील इतके सोपे कसे करावेत हे मला अजून जमत नाही.

एक गाठ मात्र सुटलेली नाही. जिल्हास्तर स्पर्धा वेचणीच्या ऐन भरात येणार आहे. सातपैकी दोन मुलींच्या घरून संमतिपत्रावर सही मिळालेली नाही. त्या दिवसाची मजुरी बुडते हे त्यांचे कारण आहे आणि ते खोटे नाही. मी रविवारी त्यांच्या पाड्यावर जाणार आहे. तिथे मुलीच्या आईवडिलांशी कोणत्या गोष्टीपासून बोलायला सुरुवात करावी आणि कोणती गोष्ट अजिबात काढू नये, हे ज्यांनी अशी संमती मिळवली आहे त्यांनी शनिवारपर्यंत कळवावे, ही विनंती.