आणीबाणीतली चोरून छापलेली पत्रकं: तुमच्या घरचे अनुभव सांगा

ओसरीवरचा
वाडा पाडायचं ठरलंय, म्हणून माळा रिकामा करत होतो. गोधड्यांच्या खाली पत्र्याची पेटी निघाली. आत स्टेन्सिलच्या मेणकागदांचं अर्धं खोकं आणि लोखंडी टोकाची लेखणी. बायको म्हणाली भंगारात टाका. म्हटलं थांब, आधी धागा काढतो.

१९७५ साली मी चौथीत होतो. २६ जूनपासून पेपर सेन्सॉरच्या हाताखालून यायला लागले. कोणाला मिसाखाली (विनाचौकशी डांबायचा कायदा) उचललं, कोण येरवड्यात, कोण नाशिकच्या तुरुंगात, हे छापायची सोय नव्हती. ते कळायचं चक्रमुद्रित, म्हणजे सायक्लोस्टाइल पत्रकांतून, आणि त्यातली काही आमच्या मागच्या खोलीत निघायची. काका टाइपरायटरला हात लावायचा नाही. प्रत्येक मशीनचं एखादं अक्षर तिरकं उमटतं, त्यावरून माग लागतो म्हणायचा. म्हणून सगळं हाती. आता मेणकागदावर मराठी लिहायचं म्हणजे मोठी पंचाईत शिरोरेघेची. लेखणीने सलग ओढली की कागद फाटायचा, आणि रोळावर चढवला की अख्खी ओळ लोंबायला लागायची. मग काका अक्षरागणिक तुटक रेघ मारायचा. चुकलं तर आत्याचं नेलपॉलिश फासायचं, वाळलं की वरून परत कोरायचं.

यंत्र फिरायला लागलं की खटक खटक आवाज. तो झाकायला आई पाट्यावर वाटण घेऊन बसायची. तेवढी चटणी आम्ही पुढे जन्मात खाल्ली नाही. हात शाईचे, ते धुवायला रॉकेल, आणि रॉकेल रेशनचं. आजीचा राग इंदिराबाईंवर कमी, काकावर जास्त.

कोणाकडे होतं असं काही? ऐकीव असलं तरी लिहा.

चकली_भाजणीची
चटणी 😂 आमची आई दादर ते परळ पत्रकं न्यायची. पिशवीत तळाला कागद, वर सुकट. कोण हात घालतोय! बसमध्ये शेजारची सीटसुद्धा रिकामी मिळायची. बाकी नंतर लिहिते, कुकर झालाय

बंबवाला
आमच्याकडे उलटा प्रकार. वडील सरकारी नोकरीत, ऑफिसात सगळे वेळेवर यायला लागले म्हणून खूश. आणीबाणीला घरात नावं ठेवायची नाहीत. दाराखालून पत्रक आलं की थेट बंबात घालायचं, हे काम आईकडे. आई आधी पूर्ण वाचायची, मग घालायची. आंघोळीला उशीर का होतो हे वडिलांना शेवटपर्यंत कळलं नाही.

ओसरीवरचा
@बंबवाला माउलींना साष्टांग.

तिखटजाळ
त्याच सुमारास संतोषीमातेच्या पोस्टकार्डांची साथ होती आठवतंय का? एकवीस जणांना लिहा, भाग्य उजळेल, नाही लिहिलं तर वाटोळं, अमक्याने फाडलं त्याची म्हैस मेली वगैरे. आणि आमच्याकडे आलेल्या पत्रकाच्या शेवटी होतं, "वाचा, प्रती काढा, पुढे द्या." आजीने ते देव्हाऱ्यापाशी बसून, वर श्री घालून, पोस्टकार्डांवर मावेल तेवढं उतरवलं आणि टाकलं सगळ्या नातेवाइकांना. त्यात आमचे व्याही, मामलेदार कचेरीत कारकून! बिचारे पुढच्या एसटीने हजर. "विहीणबाई, मला तुरुंगात घालता काय?" आजी म्हणाली, "म्हैस मरण्यापेक्षा बरं."

आईशप्पथ खरं आहे. मजकूर कळला नव्हता असंही नाही तिला. हे मला फार नंतर आईने सांगितलं.

चकली_भाजणीची
म्हैस 😂😂 मेले

पाचवा_माळा
थोडं विषयांतर. माझा मामा मॉस्कोला इंजिनिअरिंग शिकायला होता. तिकडे हे वर्षानुवर्षं चालायचं, समिझदात म्हणायचे. पातळ कागद, मध्ये कार्बन, टाइपरायटरवर जोरात बडवून एका दमात चार-पाच प्रती. शेवटची म्हणजे नुसता निळा धूर. अख्खी कादंबरी एका रात्रीपुरती मिळायची, सकाळी दुसरा दारात. मामाला वाचायला लावायचे मोठ्याने, कारण त्याला झोप येत नसे. १९६८ पासून तर अटकांची, खटल्यांची नोंद ठेवणारी पत्रिकाच अशी निघायची. आणि त्याच्याही आधी एक्स-रेच्या टाकाऊ फिल्मवर गाणी कापून विकायचे. कोणाच्या तरी बरगड्यांवर जाझ! मामाने एक आणली होती, मामीने फेकली.

उंटावरचा
गंमत ठीक आहे, पण या पत्रकांत अफवाही भरपूर असायच्या. अमका तुरुंगात मेला म्हणून छापायचे आणि तो माणूस पुढे निवडणुकीला उभा. खातरजमा कोण करणार?

ओसरीवरचा
@उंटावरचा मान्य. खातरजमा करायला बाहेर पेपर मोकळे लागतात, तेच तर बंद होते. आणि सगळंच काही भुयारात चाललं नव्हतं. डिसेंबर ७५ ला कराडच्या साहित्य संमेलनात दुर्गाबाई भागवतांनी अध्यक्षपदावरून जयप्रकाश नारायणांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला लावली, उघड उघड. मिनू मसानी 'फ्रीडम फर्स्ट' मासिकासाठी सेन्सॉरविरुद्ध कोर्टात गेले आणि ७६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात जिंकले. पण हे झालं हे आमच्या गल्लीत कळलं ते काकाच्या तुटक शिरोरेघेतूनच. माझ्या मते अफवांसकट ती पत्रकं हवी होती.

बंबवाला
टाइम्सची ती मरणाची जाहिरात विसरलात काय. २८ जून ७५, छोट्या जाहिरातींत, डी. ई. एम. ओक्रसी वारले म्हणून, म्हणजे डेमोक्रसी, लोकशाही! सेन्सॉरने वाचली असणार आणि पास केली असणार, मला त्या माणसाला भेटायचंय.

गोंयकार_आजोबांचा_नातू
आमच्या गोव्यात हे ६१ पर्यंत रोजचंच. पोर्तुगीज सेन्सॉर इतका कडक की लग्नपत्रिकासुद्धा दाखवून आणायला लागायची. आजोबांच्या बहिणीच्या पत्रिकेत "शुभ मंगल" कोणाचं मंगल म्हणून विचारलं होतं, असं ते सांगायचे. ते थापा मारायचे हेही खरं. पण गोवामुक्तीच्या चोरट्या रेडिओचं खरं: ५५ च्या नोव्हेंबरपासून वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो आंबोलीच्या जंगलातून, नंतर कॅसलरॉकहून बोलायचे. आजोबा ऐकून कागदावर उतरवायचे आणि कागद काजूच्या पोत्यातून शेजारच्या गावी. देव बरें करूं.

चकली_भाजणीची
काजू कुठले घेता तुम्ही? इकडे हल्ली भाव विचारायची सोय नाही

गोंयकार_आजोबांचा_नातू
ताई व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. सालीचे हवेत की सोललेले?

झोपाळू_झंपी
वाचतेय. @ओसरीवरचा वाडा कुठल्या पेठेत? आमचंही रिडेव्हलपमेंट अडकलंय, भाडेकरू सही देत नाहीत. चांगला वकील आहे का ओळखीत?

ओसरीवरचा
सदाशिव. वकिलाचं व्यनि करतो. भाडेकरूंमध्ये कोणी माझ्या काकासारखा असेल तर मात्र आधी चहाला बोलवा, नोटीस नंतर.