मदत हवी आहे: चर्चिल बेटाबद्दल, मेलबर्नकरांनो सांगा

पुढच्या महिन्यात बाबा येताहेत. कृषी खात्यातून निवृत्त, त्यामुळे फिलिप आयलंडच्या प्रसिद्ध पेंग्विनपेक्षा त्यांना वेस्टर्न पोर्ट उपसागरातल्या चर्चिल बेटाचीच जास्त ओढ. बेट इवलंसं, ५७ हेक्टर. फिलिप आयलंडवरून पुलाने जाता येतं. मूळचा मुलूख इथल्या आदिवासी बुनुराँग लोकांचा. १८०१ मध्ये 'लेडी नेल्सन' जहाजाचा कप्तान जेम्स ग्रँट याने इथे जमीन खणून गहू, मका, वाटाणा, बटाटे लावले, वर तांदळाचे दाणे आणि कॉफीच्या बियासुद्धा टाकल्या! (त्या थंडीत भात? हौसेला मोल नसतं.) व्हिक्टोरियातली युरोपियनांची ही पहिली शेती. १८७२ मध्ये मेलबर्नचे माजी महापौर सॅम्युअल एमेस यांनी बेट घेऊन घर बांधलं, ते अजून उभं आहे.

आता अडचण अशी: ग्रँटची ती बाग नेमकी कुठे होती, हे दाखवणारी पाटी तिथे आहे का? बेटाची पूर्ण फेरी गुडघे दुखणाऱ्या माणसाला झेपेल का, की घराभोवतीच फिरावं? आणि बुनुराँगांच्या बाजूचा इतिहास सांगणारं कुणी तिथे भेटतं का? जाऊन आलेल्यांनी जरा सविस्तर लिहा.