बारझानी : कुर्दांचा 'कर' की आणखी काही?

खडकीचा_गप्पिष्ट
इराकी कुर्दिस्तानची बातमी उघडा, तिथल्या सत्ताधारी घराण्यातला कुणी बारझानी भेटणारच. मसूद बारझानी, त्यांचा मुलगा मसरूर बारझानी, पुतण्या नेचिरवान बारझानी. काल घरी यावरून वाद झाला. माझं म्हणणं, यात गूढ काही नाही, हा आपला आडनावातला 'कर' आहे. बारझान हे तिथली राजधानी एर्बिलच्या उत्तरेला, मोठ्या झाब नदीच्या खोऱ्यातलं डोंगराळ गाव. त्याला 'ई' जोडली की बारझानी. लुधियान्याचे साहिर लुधियानवी, बदायूंचे शकील बदायुनी, तसंच. तालाबानचे ते तालाबानी, कुर्दांचं दुसरं मोठं राजकीय घराणं (तालिबानी नव्हे, दर वेळी सांगावं लागतं). ना कूळ, ना जात, फक्त पत्ता. पटतंय का?

सांजवारा
अजिबात नाही. मसूद जन्मले १९४६ साली इराणातल्या महाबादला. तिथे तेव्हा कुर्दांचं जेमतेम वर्षभर टिकलेलं प्रजासत्ताक होतं आणि वडील मुल्ला मुस्तफा त्याच्या फौजेत होते. ते बुडाल्यावर मुस्तफा शेकडो साथीदारांना घेऊन पायी सोव्हिएत हद्दीत गेले, परतले थेट १९५८मध्ये. इतकी भटकंती होऊनही नाव तेच. हा कसला पत्ता?

खडकीचा_गप्पिष्ट
अहो, लतादीदी जन्मल्या इंदुरात, तरी मंगेशकरच ना? इंदूरकर का नाही झाल्या? 'कर' एकदा चिकटला की माणूस कुठेही जावो, नाव गावाचंच राहतं. उलट गावात असेपर्यंत त्याची गरजच नसते. चिपळुणात कुणाला चिपळूणकर म्हणून हाक मारून काय उपयोग?

शब्दवेडी
मला व्युत्पत्तीत रस. सोरानी कुर्दीत 'बर्ज' म्हणजे उंच. अवेस्तातला 'बेरेझन्त', आपला 'बृहत्', इराणचा अल्बोर्झ पर्वत, सगळे एकाच धातूचे. डोंगरातलं गाव, म्हणून बारझान. किती छान जुळतंय!

तीन_पैशांचा_तमाशा_नको
जुळतंय म्हणूनच शंका येते. बारझानच्या भागात सोरानी नव्हे, बादिनी ही दुसरी कुर्दी बोली बोलतात, आणि तिथे उंचला 'बिलिंद' म्हणतात. नुसत्या ध्वनिसाम्यावर गावांचे अर्थ लावायचे तर पुण्याचं 'पुण्य' कधीच सुटणार नाही.

शब्दवेडी
गावांची नावं बोलीपेक्षा जुनी असतात. आज तो शब्द तिथे नाही, म्हणजे कधीच नव्हता असं कसं? पण मान्य, एवढ्यावर पैज लावणार नाही.

माहेरवाशीण_नाशिकची
गप्पिष्टरावांच्या बाजूने एक पुरावा देते. अस्नाथ बारझानी. जन्म १५९०, ज्यू रब्बीची मुलगी. नवऱ्याच्या माघारी मोसूलची ज्यू धर्मपाठशाळा हिने चालवली. त्या काळात एक बाई! हिच्या घराण्याचं नावही त्याच बारझानवरून. आता सांगा, मसूद मुसलमान, अस्नाथ ज्यू, मग यांचं कूळ एक कसं? एक आहे ते गाव.

सांजवारा
पुरावा जोरदार आहे, मानलं. पण अस्नाथचा काळ आणि आजच्या बारझानींची सुरुवात यांच्यात दोन शतकं आहेत. बारझानला नक्शबंदी या सूफी पंथाच्या शेखांचं, म्हणजे धर्मगुरूंचं, बस्तान बसलं एकोणिसाव्या शतकात. आसपासच्या गावांतले शेतकरी, आपल्या आगांच्या (जमीनदार सरदारांच्या) जाचातून सुटू पाहणारे, त्यांच्या आश्रयाला आले आणि त्या सगळ्यांची मिळून बारझानी टोळी झाली. त्यांतल्या कित्येकांचं गाव बारझान नव्हतंच. अक्षरं तीच, पण आडनाव दुसरं.

तीन_पैशांचा_तमाशा_नको
तुर्कस्तानातल्या कुर्दांना ही चैनही नव्हती. १९३४चा आडनाव कायदा आला, टोळ्यांची नावं आडनाव म्हणून लावायला बंदी झाली आणि कित्येक कुर्द घरांच्या वाट्याला 'ओझतुर्क' आलं. अर्थ : अस्सल तुर्क! इराकनेही १९७०च्या दशकात गावावरची आडनावं बंद केली, कारण सरकारात सद्दामच्या तिक्रित भागातल्या तिक्रितींची गर्दी डोळ्यांत भरू लागली होती. सद्दाम हुसेन अल-तिक्रितीचा नुसता सद्दाम हुसेन झाला तो तेव्हा.

खडकीचा_गप्पिष्ट
म्हणजे गावाचं नाव पुसलं की कोण कुणाचा ते कळत नाही. माझाच मुद्दा! आणि सांजवारा, गावावरून निघालेलं नाव सत्तेचं झालं तर त्यात नवल काय? नीरेकाठचं होळ, तिथले होळकर, गादी इंदूरला.

सांजवारा
होळकर आणलेत ते बरं केलंत. मल्हाररावांचे शिलेदार होळकर झाले का? नाही. बारगळ बारगळच राहिले, वाघ वाघच. बारझानच्या शेखांमागे गेलेले मात्र बारझानी झाले. फरक आहे तो इथे. आणि त्याची किंमत बघा. १९८३च्या जुलैअखेर इराकी फौजेने एर्बिलजवळच्या कुश्तपासारख्या वसाहतींना वेढा घातला. डोंगरातून आधीच हुसकावून तिथे आणून बसवलेली ही माणसं. पुरुष आणि पोरगे, पाच ते आठ हजार, ट्रकांत घालून नेले. परत कुणी आलं नाही. काहींचे अवशेष २००५मध्ये दक्षिण इराकच्या वाळवंटात सापडले. तुझं मूळ गाव कोणतं, हे तेव्हा कुणी विचारलं नाही. बारझानी एवढं पुरलं.

खडकीचा_गप्पिष्ट
यापुढे 'कर'ची थट्टा करवत नाही. वर 'फक्त पत्ता' लिहिलंय, त्यातला 'फक्त' मागे घेतो. अस्नाथबाईंपुरता मात्र अजून अडून आहे.