मदत हवी आहे: क्लच दाबला की घरघर आणि 'टक्', क्लच सेट बदलू की इंजिन उघडू?

नमस्कार मंडळी,

गाडी २०१३ची, १.२ पेट्रोल हॅचबॅक, मॅन्युअल, क्लच केबलवाला. कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर 'ही घेतलीच कशाला' यावरच धागा शंभरी गाठेल. सेकंडहँड घेतलेली आहे. रोजचा रस्ता कासारवडवली ते ऐरोली, घोडबंदर रोड, माजिवडा, कळवा पूल, विटावा असा. संध्याकाळी पहिला गिअर, दुसरा गिअर, परत पहिला. बस्स.

न्यूट्रलला उभी असताना क्लचवर पाय नसेल तर गाडी शांत. पेडल जरासं दाबलं की घरघर सुरू होते, पुढे दाबत गेलं की वाढते. तळाला नेलं की खालून एक 'टक्' येतो आणि आयडलिंग (ॲक्सिलरेटर न देता इंजिन फिरतं तो वेग) ८००वरून ६५० आरपीएमच्या आसपास उतरतं. पाय काढला की सगळं जागेवर. सिग्नलला इंजिन बंदही पडलंय. क्लच स्लिप होत नाही, गिअर नीट पडतात.

ठाण्यातला मेकॅनिक म्हणतो रिलीज बेअरिंग (पेडल दाबल्यावर क्लच सोडवणारं बेअरिंग) गेलंय, गिअरबॉक्स उतरवू आणि क्लच सेट टाकू. तुर्भ्याच्या गॅरेजवाल्याने दोनदा पेडल दाबून पाहिलं आणि म्हणाला, क्रँकला (इंजिनाच्या मुख्य फिरत्या दांड्याला) प्ले आहे, म्हणजे तो सैल होऊन सरकतोय, इंजिन उतरवावं लागेल. खर्चात जमीन-अस्मानाचा फरक. मोजलं मात्र दोघांनीही काही नाही. काही उघडण्याआधी नक्की काय ते कळण्याचा मार्ग आहे का?

प्रतिसाद:
दोघंही बरोबर असू शकतात. घरघर पेडल दाबल्यावर सुरू होते म्हणजे रिलीज बेअरिंगच. पेडल सोडलेलं असताना आवाज असता आणि दाबल्यावर थांबला असता, तर मी गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टच्या बेअरिंगवर संशय घेतला असता.

पण आयडलिंग पडणं आणि 'टक्' हे रिलीज बेअरिंगचं काम वाटत नाही. क्लच दाबता तेव्हा ते बेअरिंग क्लच प्लेट दाबून धरणाऱ्या प्रेशर प्लेटच्या पाकळ्यांवर रेटतं. तो रेटा फ्लायव्हीलमधून (क्रँकच्या टोकाच्या जड चाकातून) क्रँकवर येतो आणि अख्खा क्रँक गिअरबॉक्सपासून लांब ढकलला जातो. त्याला अडवायला इंजिनात क्रँक ज्यांत फिरतो त्यांतल्या एका मेन बेअरिंगपाशी अर्धचंद्रासारख्या थ्रस्ट वॉशर असतात. त्या झिजल्या की क्रँक सरकतो, आपटतो, घासतो. घासला की आयडलिंग पडणारच.

साधी तपासणी: इंजिन बंद, हँडब्रेक लावलेला, गिअर न्यूट्रल. क्रँकची पुली बहुतेक उजव्या पुढच्या चाकाकडे असते, चाक आणि आतलं प्लास्टिक काढलं की दिसते. टॉर्च मारून बघत राहा आणि घरातल्या कुणाला तरी पेडल दाबायला-सोडायला सांगा. पुली डोळ्यांना दिसेल इतकी आत-बाहेर होत असेल तर क्लच सेटवर एक रुपयाही आधी घालू नका. नवा सेट त्याच सैल क्रँकवर बसेल.

प्रतिसाद:
वरच्यांशी सहमत, फक्त डोळ्यांवर थांबू नका. पुलीवर डायल गेज (बारीक हालचाल मोजणारं काट्याचं माप) लावून घ्या. टॉमीने (लोखंडी पहारीने) क्रँक एकदा या टोकाला, एकदा त्या टोकाला सरकवायचा आणि फरक वाचायचा. छोट्या पेट्रोल इंजिनात साधारण ०.१ ते ०.३ मिलिमीटर चालतं, तरी तुमच्या मॅन्युअलमधली मर्यादा हीच खरी. ऑइल फिल्टरही कापून बघा. त्यात चमकणारा चुरा असेल आणि तो लोहचुंबकाला चिकटत नसेल, तर तो बेअरिंगचा असू शकतो.

आणि केबल बघा. पेडलच्या सुरुवातीला मोकळी चाल आहे का? केबल ताणलेली असेल तर तुम्ही पाय ठेवा न ठेवा, बेअरिंग कायम दाबलेलंच राहतं आणि क्रँकवर दिवसभर रेटा. घोडबंदरच्या ट्रॅफिकमध्ये मग काय होणार.

धागाकर्ता:
दोन्ही दादांचे आभार. पुली उघड दिसते सरकताना. ऐरोलीच्या एका गॅरेजमध्ये डायल गेज होता, ०.५२ आलं. मॅन्युअलमध्ये मर्यादा ०.३८. पेडलला मोकळी चाल शून्य, केबलचा नट पार शेवटपर्यंत आवळलेला, आधीच्या मालकाच्या काळात कुणीतरी केलेला. आता इंजिन उतरवावंच लागेल का?

प्रतिसाद:
लगेच नको. आधी ऑइल चेंबर (इंजिनाखालचं तेलाचं भांडं) उतरवा. बऱ्याच इंजिनांत थ्रस्टवाल्या मेन बेअरिंगची कॅप काढून वॉशर बाहेर घेता येतात, क्रँक जागेवरच राहतो. तेवढ्यात क्रँकच्या घासणाऱ्या बाजूवर नख फिरवा. गुळगुळीत असेल तर नव्या वॉशर टाका, परत गेज लावा. नख अडकत असेल तर मात्र क्रँक बाहेर काढून मशीनवर न्यावा लागेल आणि ओव्हरसाइज (जास्त जाडीच्या) वॉशर लागतील, तेव्हा तुर्भेवाला म्हणतो ते खरं.

वॉशर बसवताना समोर उभे राहा. तेलाच्या खाचा असलेली बाजू क्रँककडे यायला हवी. उलट्या बसवल्या तर नव्या वॉशरही लवकरच जातील. रिलीज बेअरिंगसाठी गिअरबॉक्स उतरेल तेव्हा क्लच प्लेट, प्रेशर प्लेट आणि रिलीज बेअरिंग तिन्ही एकदमच बदला, मजुरी तीच लागते. क्रँकचा मागचा ऑइल सीलही त्याच वेळी बघून घ्या. आणि केबलला मोकळी चाल ठेवल्याशिवाय गाडी ताब्यात घेऊ नका.